सीएस-फिफ्टी: फुकटचा कोर्स, पण घाम काढतो

हार्वर्ड विद्यापीठाचा ‘सीएस-फिफ्टी-एक्स’ हा प्रोग्रामिंगचा ऑनलाइन कोर्स उत्तम आहे, फुकट आहे आणि नवशिक्याचा घाम काढतो. एवढं कुणीही सांगेल. मला सांगायचंय ते जरा वेगळं आहे: ज्यांची नोकरीच न चुकण्यावर चालते, अशा माणसाने हा कोर्स धरला तर त्याचं काय होतं.

मी बडोद्यातल्या एका औषध कंपनीत क्वालिटी विभागात आहे. आमच्याकडे बॅच रेकॉर्डमध्ये आकडा चुकला तर व्हाइटनर चालत नाही, गिरवलेलं चालत नाही, पान फाडणं तर सोडाच. चुकीच्या आकड्यावर एकच आडवी रेघ मारायची, अशी की खालचा आकडा वाचता आला पाहिजे. शेजारी बरोबर आकडा, सही, तारीख, कारण. चूक मोठी असेल तर डेव्हिएशन, म्हणजे नियम मोडल्याची चौकशी, उघडतं, त्याच्यामागे कॅपा, म्हणजे चूक सुधारायची आणि पुन्हा होऊ न देण्याची लेखी योजना, लागते आणि तुमच्या नावाची फाईल या टेबलावरून त्या टेबलावर फिरत राहते. इतकी वर्षं हे केल्यावर हाताला एक वळण लागतं: खात्री झाल्याशिवाय पेन टेकवायचं नाही. नोकरीत या वळणाचं कौतुक होतं. कोड लिहायला बसलं की तेच आडवं येतं, कारण तिथे खात्री होते ती लिहून, चालवून, आपटल्यावर. आधी नाही.

स्टॅबिलिटीचे, म्हणजे औषध किती काळ टिकतं याचे, तक्ते एक्सेलमध्ये हाताने जोडता जोडता जीव मेटाकुटीला आला, म्हणून मी या भानगडीत पडले. त्याआधी इथल्याच एका क्लासला पैसे भरून झाले होते. नाव घेत नाही. तिथे सर फळ्यावर अख्खा प्रोग्राम लिहायचे, आम्ही उतरवून घ्यायचा, चालला की पुढचा. शेवटी सगळ्या बॅचचा प्रोजेक्ट एकच, हॉस्पिटल मॅनेजमेंट सिस्टीम. पेशंटची नावंसुद्धा सगळ्यांची सारखीच! एकही एरर न बघता मी तिथून सर्टिफिकेट घेऊन बाहेर पडले आणि घरी कोरी फाईल उघडली तर पहिली ओळ सुचेना. माझी भाची एम. एस. युनिव्हर्सिटीत इंजिनिअरिंगला आहे. ती म्हणाली, “मावशी, तिकडे तुला काही मोडूच दिलं नाही ना. सीएस-फिफ्टी कर. तो रोज मोडतो.”

तर आता कोर्सबद्दल. शिकवतात डेव्हिड मलान. २००७ पासून हा कोर्स त्यांच्याकडे आहे. माणूस रंगमंचावर असल्यासारखा शिकवतो. पहिल्याच व्याख्यानातली टेलिफोन डिरेक्टरी प्रसिद्ध आहे: नाव शोधायला मधोमध उघडायची, कुठल्या अर्ध्यात आहे ते बघायचं आणि नको तो अर्धा खरोखर फाडून फेकायचा. हजार पानांची डिरेक्टरी अशी दहा वेळा निम्मी केली की हातात एक पान उरतं. आठवडे शून्यापासून मोजतात. शून्याव्या आठवड्यात एमआयटीचं स्क्रॅच, म्हणजे रंगीत ठोकळे जोडून प्रोग्राम करायचा. ते लहान मुलांचं वाटतं आणि आपण निर्धास्त होतो. लगेच पुढच्या आठवड्यात सी भाषा. ती पाचव्या आठवड्यापर्यंत मानगुटीवर बसते. मग पायथन भाषा, माहितीसाठ्याला प्रश्न विचारायची भाषा एसक्यूएल, वेब पेज, पायथनमधून वेबसाइट बांधायचं फ्लास्क आणि शेवटी स्वतःचा प्रोजेक्ट. काही इन्स्टॉल करावं लागत नाही, सगळं ब्राउझरमध्ये चालतं. माझ्या जुन्या लॅपटॉपनेही कुरकुर केली नाही.

खरा कोर्स व्याख्यानांत नाहीच, तो ‘प्रॉब्लेम सेट’मध्ये आहे. सीमधला पहिलाच मोठा प्रश्न ‘मारिओ’चा. उंची विचारायची आणि # चिन्हाच्या विटांचा, उजव्या बाजूला टेकलेला जिना काढायचा. उंची ४ असेल तर पहिल्या ओळीत तीन मोकळ्या जागा आणि एक वीट, दुसरीत दोन जागा आणि दोन विटा, असं खालपर्यंत. शाळेतल्या पोराला वहीवर दोन मिनिटांत जमेल. पण लूप, म्हणजे तेच काम पुन्हा पुन्हा करणारा कोडचा फेरा, शून्यापासून मोजतो. ओळीचा क्रमांक तसाच विटांना वापरला की पहिल्या ओळीत शून्य विटा पडतात आणि सगळ्यात खालची पायरी गायब होते. म्हणून एक मिळवायचा. विटा जागेवर येतात. पण मोकळ्या जागांमधून तोच एक वजा करायचा राहिला तर अख्खा जिना एका घराने उजवीकडे सरकतो, आणि गंमत अशी की डोळ्यांना काहीच कळत नाही. जिना सुरेख दिसतो. आपण खूश.

मग ‘चेक-फिफ्टी’ चालवायचं. हे त्यांचं तपासनीस साधन. बरोबर असेल त्या ओळीपुढे हिरवा :) येतो, चूक असेल तिथे लाल :( आणि एक पिवळा :| असतो, ज्याच्या खाली लिहिलेलं येतं की आधीच्याचा रुसवा निघाल्याशिवाय हे तपासता येणार नाही, अशा अर्थाचं. लाल चेहऱ्याखाली दोन भाग: अपेक्षित काय होतं आणि प्रत्यक्षात काय आलं. बस्स.

हे बघून मी थबकले, कारण आमच्या ॲनालिसिस रिपोर्टमध्येही हेच दोन रकाने असतात, मर्यादा आणि निकाल. फक्त आमच्याकडे त्या पानाच्या मागे आणखी एक कागद लागतो, त्यात कोणी केलं, का केलं, आधी कधी केलं होतं का, प्रशिक्षण झालं होतं का. इथे तो कागदच नाही. लाल चेहरा आला, एक आकडा बदलला, पुन्हा चालवलं, पुन्हा लाल, पुन्हा बदललं. कितीही वेळा चालवा, कोणी मोजत नाही. शुक्रवारी रात्री अकरा वाजता दांडिया बाजारातल्या आमच्या घरात बसून मी दणादण चुकत होते आणि कोणाचीही सही घ्यायची नव्हती. सवयीने आधी मी प्रत्येक लाल चेहऱ्याची वहीत नोंद करत होते, तारीख-वेळ घालून. ते आपोआप सुटलं. त्याच्या बदल्यात कामावर एक गोष्ट आली: कॅपाच्या फॉर्मवर ‘मूळ कारण’ या रकान्यात ‘ॲनालिस्टचं दुर्लक्ष’ असं लिहून मोकळं व्हायचं मी सोडलं. दुर्लक्ष का झालं हे विचारलं की बहुतेक वेळा दोन सारख्या दिसणाऱ्या बाटल्या शेजारी ठेवलेल्या सापडतात.

नोंदींचं निघालंच आहे तर एक सांगते. ९ सप्टेंबर १९४७ ला हार्वर्डमध्ये मार्क-टू नावाचं, रिलेवर (विजेच्या आपोआप उघडझाप करणाऱ्या बटणांवर) चालणारं गणनयंत्र अडकलं. एफ पॅनेलच्या ७० नंबरच्या रिलेत एक पतंग, म्हणजे पंखवाला किडा, सापडला. तिथल्या लोकांनी तो चिकटपट्टीने लॉगबुकात चिकटवला, दुपारी १५:४५ ची वेळ घातली आणि खाली शेरा मारला की बग सापडल्याची ही पहिलीच खरी घटना. बग म्हणजे किडा, आणि यंत्रातल्या किंवा कोडमधल्या चुकीलाही बगच म्हणतात. प्रोग्रामिंगमधल्या आद्य तज्ज्ञ ग्रेस हॉपर त्याच चमूत होत्या आणि हा किस्सा पुढे त्यांनीच गाजवला. ते पान आज अमेरिकेतल्या स्मिथसोनियन संग्रहालयात आहे. मला त्या पानाचा फोटो भयंकर आवडतो. वेळ आहे, जागा आहे, पुरावा जागेवर चिकटवलाय. आमचा ऑडिटर एवढंच म्हणाला असता, “सही कुठाय?”

पण ‘चुका करा, चुकांवर प्रेम करा’ असला गोडवा मला पचत नाही, आणि हा कोर्सही तो पाजत नाही हे त्याचं मोठेपण. पहिल्याच सीच्या आठवड्यात एक प्रयोग आहे. १ भागिले १० करायचं आणि उत्तर वीस दशांश स्थळांपर्यंत छापायचं. येतं ०.१०००००००१४९०११६११९३८. कारण यंत्राकडे ठरावीक बिट असतात आणि एक-दशांश हा आकडा यंत्राच्या शून्य-एकच्या मोजणीत नेमका बसतच नाही, जसा एक-तृतीयांश आपल्या दशांशात बसत नाही. म्हणजे जिच्यापुढे आपण चुकायला घाबरतो ती वस्तू स्वतःच पदोपदी थोडी चुकते. आणि त्या ‘थोड्या’कडे दुर्लक्ष केलं की काय होतं तेही लक्षात ठेवावं: २५ फेब्रुवारी १९९१ ला सौदीतल्या धाहरान इथे क्षेपणास्त्रं हवेतच पाडणाऱ्या अमेरिकन पॅट्रियट यंत्रणेचं घड्याळ सेकंदाचे दशांश मोजत होतं, त्या एक-दशांशातली कापलेली शेपटी शंभरेक तासांत साठून सेकंदाच्या तिसऱ्या हिश्श्याएवढी झाली, येणारं क्षेपणास्त्र अडवायचं राहिलं आणि २८ अमेरिकन सैनिक मेले.

मला हे वाचल्यावर आमचीच फार्माकोपिया, म्हणजे औषधांच्या दर्जाच्या मर्यादांचा ग्रंथ, नव्याने दिसली. गोळीत औषध शंभर टक्केच असलं पाहिजे असं कुठलाही ग्रंथ म्हणत नाही. अनेक गोळ्यांना लेबलवरच्या प्रमाणाच्या ९० ते ११० टक्के ही मर्यादा आहे. ९६ आले तर बॅच पास, कोणी रडत बसत नाही. ८९ आले तर फेल, कोणी ‘असू दे’ म्हणत नाही. मर्यादा तपासणीच्या आधी ठरलेली असते, निकाल बघून नाही. वीस वर्षं हे हाताळणारी मी स्वतःला मात्र १००.० च्या खाली पास करत नव्हते. हे कोर्सने शिकवलं नाही म्हणा, पण कोर्स करताना दिसलं.

कोर्सची मर्यादासुद्धा जाहीर आहे. प्रत्येक सेटमध्ये ७० टक्के मिळाले की पुढे जा. अभ्यासक्रमाच्या पानावर स्वच्छ लिहिलंय की वर्गातल्या इतरांच्या तुलनेत तुम्ही कुठे पोचलात त्यापेक्षा सुरुवातीच्या तुमच्या स्वतःच्या तुलनेत कुठे पोचलात हे महत्त्वाचं. हार्वर्डच्या वर्गातले दोन-तृतीयांश विद्यार्थीही आयुष्यात पहिल्यांदाच हा विषय शिकत असतात, हे मलान पहिल्याच दिवशी सांगून टाकतात. ऐकायला बरं वाटतं. अमलात आणायला कठीण, आणि याची परीक्षा घ्यायला तिसऱ्या आठवड्यात ‘टाइडमन’ बसलेला आहे.

टाइडमन ही मतदानाची पद्धत. प्रत्येक मतदार उमेदवारांचा क्रम लावतो, मग जोड्या पाडायच्या: कोण कोणाला हरवतं, किती फरकाने. मोठ्या विजयापासून एकेक बाण पक्का करत जायचं, पण बाणांचा गोल होऊ द्यायचा नाही. अ ने ब ला हरवलं, ब ने क ला, आणि आता क ने अ ला हरवलंय असा बाण आला की तो सोडून द्यायचा. हा ‘गोल होतोय का’ हे विचारणारा कोडचा तुकडा, म्हणजे फंक्शन, लिहिताना त्याला स्वतःलाच हाक मारावी लागते. माझ्याकडे शेवटची जोडी गोल करत असेल तर ती बरोबर वगळली जाते. मधली जोडी गोल करत असेल तर नाही. चेक-फिफ्टीत सगळी हिरवळ आणि मध्ये एक लाल चेहरा. कागदावर बाण काढले, स्वयंपाक करताना ओट्यावर कोथिंबिरीच्या काड्यांनी काढले. या प्रश्नाला पर्याय आहे, ‘रनऑफ’ नावाचा सोपा प्रश्न केला तरी सेट पूर्ण होतो. मी रनऑफ देऊन पुढे गेले. टाइडमनचा तो लाल चेहरा अजून तसाच आहे. क्वालिटीवाल्या बाईने उघडं डेव्हिएशन तसंच ठेवून पुढचं काम सुरू करणं काय असतं, ते आमच्या खात्यातल्यांनाच कळेल. गेल्याशिवाय मात्र पुढचं दिसलं नसतं. पाचव्या आठवड्यातला स्पेलर, ज्यात १,४३,०९१ शब्दांचा कोश मेमरीत भरून परिच्छेदातले चुकीचे शब्द शोधायचे असतात, तो मला टाइडमनपेक्षा दसपट आवडला. घेतलेली सगळी मेमरी परत केली आणि व्हॅलग्रिंड या मेमरीची गळती शोधणाऱ्या साधनाने एकही बाइट गळत नाही असं सांगितलं, तेव्हा मी नवऱ्याला उठवून दाखवलं. त्याला काही कळलं नाही, “छान” म्हणाला आणि झोपला.

आता नडणाऱ्या गोष्टी. व्याख्यान बघून सगळं समजल्यासारखं वाटतं आणि प्रश्न उघडला की काहीच येत नाही. चौथ्या आठवड्यात, पॉइंटर (मेमरीतल्या जागांचे पत्ते) आणि मेमरीच्या वेळी, ही दरी फारच रुंद आहे. त्यांची छोटी ‘शॉर्ट्स’ आणि ‘सेक्शन’चे व्हिडिओ लोक वगळतात, ते वगळू नका, पूल तोच आहे. व्याख्यान दोन-दोन तासांचं, मलान झपाट्याने बोलतात, इंग्रजी कानावरून जात असेल तर वेग कमी करून, उपशीर्षकं लावून बघा. ‘स्टाइल-फिफ्टी’ नावाचं साधन कोडमधली मोकळी जागा आणि कंसांची टापटीप तपासतं. माझ्यासारखीला ते व्यसन लागतं, काम चालत नसताना समास नीट करत बसायचं. जपून.

त्यांचं एक रबरी बदक आहे. जुना रिवाज असा की अडलं की टेबलावरच्या बदकाला ओळ न् ओळ समजावून सांगायची, बोलता बोलता आपली आपल्यालाच चूक सापडते. २०२३ पासून हे बदक एआयवर चालतं, आपण विचारायचं आणि ते उत्तर न देता उलटा प्रश्न विचारतं. बाहेरची चॅट-जीपीटीसारखी साधनं कोर्समध्ये बंद, बदक चालतं. मला ते जरा अतीच गोड बोलतं असं वाटलं, पण उत्तर ताटात वाढत नाही हे खरं. कॉपीबद्दल नियम कडक आहेत आणि त्यात एक चांगली खिडकी आहे: हार्वर्डच्या विद्यार्थ्याने गैरप्रकार केला आणि ७२ तासांच्या आत स्वतःहून सांगितलं, तर प्रकरण कोर्सपुरतं मिटतं, वरपर्यंत जात नाही. आमच्या एसओपीत, म्हणजे कामाच्या लेखी नियमावलीत, असं कलम असतं तर किती फाईली वाचल्या असत्या!

वेळापत्रक आपलं आपण ठेवायचं. फक्त वर्षाची आवृत्ती ३१ डिसेंबरला संपते, आणि त्यातही केलेलं काम पुढच्या वर्षात धरलं जातं. हे मला उपयोगी पडलं. २०२४ च्या ऑगस्टअखेर विश्वामित्रीचं पाणी शहरात शिरलं, वीज गेली, सगळं बारगळलं. पाणी ओसरून घरं धुवून होतात तोवर नवरात्र, आणि नवरात्रात बडोद्यात कोणी अभ्यास केल्याचं माझ्या तरी ऐकिवात नाही. जानेवारीत लॉगिन केलं तर जुने हिरवे चेहरे जागेवर होते.

शेवटचा प्रोजेक्ट मी आमच्या वाड्याच्या गणपतीच्या वर्गणीवर केला. फ्लास्क आणि एसक्यूलाइट या छोट्या माहितीसाठ्यावर. नाव, रक्कम, पावती नंबर, कोणाची बाकी. खजिनदार काकांना कौतुकाने दाखवला. त्यांनी यादी वरपासून खालपर्यंत बोट फिरवून वाचली आणि म्हणाले, “क्षीरसागर वर कसे आले? आपल्या वहीत ते सगळ्यात शेवटी असतात, ह च्या नंतर.” बरोबर होतं त्यांचं. कम्प्युटरला क्ष हे वेगळं अक्षर माहीतच नाही, तो क, हलन्त आणि ष असे तीन तुकडे बघतो, म्हणून क्षीरसागर कोल्हटकरांच्या मागे आणि खरे यांच्या पुढे जाऊन बसतात. दुरुस्त करता येईल, वेगळी क्रमवारी लिहून द्यावी लागेल. मी प्रोजेक्ट तसाच जमा केला, सोबतच्या माहितीपत्रात ‘ज्ञात उणीव’ म्हणून ती लिहिली आणि पास झाले. काका अजून वही ठेवतात. यंदा दोन्ही चालवून बेरीज जुळते का बघायचं ठरलंय. कामावरचे तक्तेही आता पायथन जोडतं, पण व्हॅलिडेशन, म्हणजे ते बरोबर चालतं याची रीतसर तपासणी, झाल्याशिवाय ते आकडे रिपोर्टात जाणार नाहीत. तिथली मर्यादा वेगळी आहे आणि ती तशीच असावी.

तारे द्यायचे तर पाचपैकी साडेचार. अर्धा चौथ्या आठवड्याने खाल्ला. नोकरी लगेच मिळेल या आशेने करायचा असेल तर हा कोर्स पुरणार नाही, हा पाया आहे. भरपूर वेळ असणाऱ्यांपेक्षा रोज तासभर नेमाने देणाऱ्यांना जास्त झेपेल. आणि हा कोर्स ज्या संकेतस्थळावर आहे त्या एडएक्सच्या पैसेवाल्या प्रमाणपत्राचं बटण सुरुवातीलाच दाबू नका. सगळे सेट आणि प्रोजेक्ट पुरे केले की सीएस-फिफ्टीचं स्वतःचं प्रमाणपत्र फुकट मिळतं; पैसेवालं हवंच असेल तर सी भाषेतून जिवंत बाहेर पडल्यावर त्याचा विचार करा.